बंद कारखान्यातला एकटा माणूस: या दृश्याची पार्श्वभूमी

ओस पडलेला कारखाना, आत एकच माणूस, संवाद जवळपास नाहीत. प्रायोगिक लघुपटांत हे दृश्य पुन्हा पुन्हा भेटतं. त्याचा माग काढत गेलं की आपण थेट सिनेमाच्या जन्माशी पोचतो. १८९५ साली ल्युमिएर बंधूंनी लिऑनमधल्या आपल्याच कारखान्याच्या फाटकासमोर कॅमेरा लावला. लांब झग्यातल्या कामगार बायका घोळक्याने बाहेर पडतात, मध्येच एक कुत्रा पायात घोटाळतो, आणि पन्नासेक सेकंदांत सगळं संपतं. कॅमेरा फाटकाच्या आत जात नाही. सगळे निघून गेल्यावर आत काय उरतं, ते पुढच्यांनी पाहिलं.

जर्मनीत बर्न्ड आणि हिला बेखर या जोडप्याने १९५९पासून झोतभट्ट्या, पाण्याच्या टाक्या, खाणींचे मनोरे यांची छायाचित्रं काढली. ढगाळ आभाळ, सपाट उजेड, चौकटीत माणूस नाही. रूरमधल्या कोळसाखाणी तेव्हा बंद पडू लागल्या होत्या. १९६४मध्ये इटालियन दिग्दर्शक आन्तोनिओनीने ‘रेड डेझर्ट’ या चित्रपटात रावेन्नाच्या चालू कारखान्यांमध्ये एक एकाकी बाई उभी केली आणि हवा तो रंग मिळावा म्हणून झाडं-गवतसुद्धा रंगवून घेतलं.

पण या दृश्याला त्याचा आवाज मिळाला तो, मला वाटतं, रशियन दिग्दर्शक तार्कोव्हस्कीच्या ‘स्टॉकर’ या चित्रपटात (१९७९). चित्रीकरण एस्टोनियात, तालिनजवळच्या बंद जलविद्युत केंद्रांच्या परिसरात झालं. तिघेजण रुळांवरच्या ट्रॉलीतून निघतात. कॅमेरा त्यांच्या माना आणि चेहरे सोडत नाही. चाकांची खडखड चालूच असते. हळूहळू ती घुमायला लागते, एदुआर्द आर्तेम्येव्हच्या इलेक्ट्रॉनिक सुरांत विरघळते, आणि नेमकी कुठे ते कळतही नाही. तिघे खेटून बसलेत, तरी प्रत्येक जण एकटा आहे.

लघुपटवाल्यांना अशा जागी शिरता आलं ते हलक्या कॅमेऱ्यामुळे. १९६५मध्ये कोडॅकने सुपर एट ही छोट्या, हलक्या कॅमेऱ्यात बसणारी आठ मिलिमीटरची फिल्म आणली आणि एकट्या माणसाला, युनिट न नेता, पडक्या शेडमध्ये चित्रण करणं जमू लागलं. एका रिळात सेकंदाला १८ चौकटींच्या वेगाने जेमतेम ३ मिनिटं २० सेकंद मावत, म्हणून प्रत्येक शॉट जपून घ्यायचा. सुरुवातीची आठेक वर्षं त्या फिल्मवर आवाज नोंदवण्याची सोयच नव्हती. पत्र्याची कुरकुर, पाण्याची ठिबक, लांबून येणारी घरघर, सगळं मागाहून, वेगळ्या टेपवर बसवावं लागे.