बोगस रजिस्ट्री: सही खोटी की मालकी खोटी?

मराठवाड्यात तालुका कोर्टाबाहेरच्या टपरीवर दहा मिनिटं उभं राहिलं तरी ‘बोगस रजिस्ट्री’ हा शब्द कानावर पडतो. सही खोटी असली तरी बोगस, सही खरी पण जमीनच विकणाऱ्याची नसली तरी बोगस. बोलताना चालून जातं. फिर्यादीत मात्र दोन्ही एकच धरलं, तर बाजू खरी असूनही गुन्हा हायकोर्टात रद्द होऊ शकतो. अशी खरी माणसं हरलेली पाहवत नाहीत, म्हणून हे लिहितोय.

समजा, औसा तालुक्यातली चार एकर जमीन थोरल्या भावाच्या नावे आहे आणि तो नोकरीला पुण्यात. धाकट्याने भलताच माणूस थोरला म्हणून दुय्यम निबंधकापुढे उभा केला. फोटो निघाला, अंगठे झाले, खरेदीखत नोंदलं गेलं. किंवा थोरल्याचं खोटं मुखत्यारपत्र दाखवून त्याच्या वतीने सही ठोकली. हा बनावट दस्त.

आता दुसरी तऱ्हा. धाकट्याने कुणाचंच सोंग घेतलं नाही. स्वतःच्या नावाने सही केली आणि लिहून दिलं, ‘सदर मिळकत माझे मालकीची व कब्जेवहिवाटीची आहे.’ मजकूर धादांत खोटा, सही मात्र त्याचीच. मोहम्मद इब्राहिम विरुद्ध बिहार राज्य या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००९ साली सांगितलं की असा दस्त कायद्याच्या अर्थाने बनावट ठरत नाही, त्यामुळे भारतीय दंड संहितेची कलम ४६७ (मौल्यवान दस्त बनावट करणं) आणि ४७१ (बनावट दस्त खरा म्हणून वापरणं) लागत नाहीत. फसवणूक झाली ती पैसे मोजून जमीन घेणाऱ्याची. ४२० ची, म्हणजे फसवणुकीच्या कलमाची, तक्रार त्याने करायची. थोरल्याला हे पचत नाही. जमीन माझी आणि तक्रार त्याची? त्याचा संताप मला समजतो, पण त्याची वाट दिवाणी कोर्टातून जाते.

शिक्षेतही अंतर आहे. ४६७ ला जन्मठेप किंवा १० वर्षांपर्यंत कैद, ४२० ला ७ वर्षांपर्यंत. १ जुलै २०२४ पासूनच्या कृत्यांना त्यांच्याऐवजी अनुक्रमे भारतीय न्याय संहितेची ३३८ आणि ३१८(४) ही कलमं लागतात.

एक जागा मात्र फार फसवी आहे. म्हाताऱ्या आईला ‘पीककर्जाचा कागद आहे’ म्हणून नेलं आणि खरेदीखतावर अंगठा घेतला. अंगठा तिचाच, तरी हा दस्त बनावटच्या व्याख्येत बसू शकतो, कारण फसवल्यामुळे आपण कशावर अंगठा देतोय हेच तिला माहीत नव्हतं. ‘अंगठा तुमचाच आहे ना, मग काय करणार’ असं सांगून कुणी परत पाठवलं, तर ऐकून घेऊ नका.

दिवाणी दाव्यात हीच आई आणि थोरला भाऊ वेगवेगळ्या रांगेत उभे राहतात. तिने दस्त करून दिलाय, म्हणून तिला तो रद्द करून मागावा लागतो, आणि फसवणूक कळल्यापासून ३ वर्षांच्या आत. थोरल्याने सहीच केलेली नाही. दस्त आपल्यावर बंधनकारक नाही असं कोर्टाने जाहीर करावं, एवढंच त्याने मागायचं. सर्वोच्च न्यायालयाने सुहृद सिंग प्रकरणात २०१० साली हा भेद मांडला. कोर्ट फीचा हिशेबही त्यावरच ठरतो.

पुराव्याचं बोलायचं, तर जुन्या तारखेचे कागद नीट वाचा. मयत आजोबांच्या सहीची १९७८ सालची इसारपावती पुढे येते, आणि तिच्यात ‘जिल्हा लातूर’ लिहिलेलं असतं. लातूर जिल्हा झाला १६ ऑगस्ट १९८२ ला. त्याआधी तो भाग उस्मानाबादेत होता. जालना १ मे १९८१ चा, हिंगोली १ मे १९९९ चा. स्टॅम्प पेपरची मागची बाजूही पाहा: विक्रेत्याच्या नोंदीची तारीख दस्ताच्या तारखेनंतरची असेल, तर उलटतपासणीत पहिला प्रश्न तोच.

लोक येताना पिशवीत सातबारा, फेरफार आणि सूची दोन (नोंदलेल्या दस्ताचा गोषवारा) घेऊन येतात. विकणाऱ्याची सही कुणी केली, हे त्यातल्या एकाही कागदावरून कळत नाही. निबंधक कार्यालयातून संपूर्ण दस्ताची प्रमाणित नक्कल काढा, ओळख पटवणाऱ्यांच्या नावांसह. फोटोतला माणूस कोण आहे हे आधी घरात सगळ्यांना दाखवा, आणि मगच पोलीस ठाण्याची पायरी चढा.