वांकावेलिका: पाऱ्यावर उभे राहिलेले शहर

पेरूच्या मध्य भागात, अँडीजच्या डोंगररांगांमध्ये, समुद्रसपाटीपासून सुमारे ३,६८० मीटर उंचीवर वांकावेलिका हे शहर वसलेले आहे. इचु नदीच्या अरुंद खोऱ्यात, चहूबाजूंनी उघड्याबोडक्या डोंगरांनी वेढलेल्या या जागी हवेचा दाब किनाऱ्यावरच्या दाबाच्या दोन तृतीयांशांहूनही कमी असतो आणि पाणी ८८ अंश सेल्सिअसच्या आसपासच उकळू लागते. मोठी झाडे इथे जवळजवळ नाहीत. बटाटा, लामा आणि अल्पाका यांच्या आधारावर गावे तगतात, पण शहर उभे राहावे असे या भूमीत वरवर पाहता काही दिसत नाही. स्पॅनिश सत्तेने १५७१ मध्ये इथे रीतसर शहर वसवले, त्याचे कारण दक्षिणेकडच्या सांता बार्बारा या डोंगराच्या पोटात होते. त्या डोंगरात पारा होता.

पारा तिथे चमकत्या थेंबांच्या रूपात सहसा आढळत नाही. भूगर्भातून वर आलेल्या उष्ण, खनिजयुक्त द्रवांनी वालुकाश्माच्या फटींत आणि सूक्ष्म छिद्रांत पारा व गंधक यांचे लाल संयुग साठवून ठेवले. आपण त्याला हिंगूळ म्हणतो. खडकाखालची ती उष्णता अजूनही पुरती निवालेली नाही, कारण शहराला लागूनच गरम पाण्याचे झरे आहेत. त्या पाण्यात इतका चुना विरघळलेला असतो की पाणी साचते तिथे दगडाचे थर बसतात. अठराव्या शतकातील स्पॅनिश शास्त्रज्ञ आंतोनियो दे उयोआ याने, शहरातली घरे याच ‘पाण्यापासून झालेल्या’ दगडाने बांधलेली असल्याची नोंद केली आहे.

अँडीजमधल्या लोकांना हिंगूळ स्पॅनिश येण्याच्या फार पूर्वीपासून ठाऊक होता. जवळच्या तलावांच्या तळाशी साचलेल्या गाळाच्या अभ्यासातून असे दिसते की या परिसरात हिंगुळाचे खाणकाम इसवी सनापूर्वी सुमारे १४०० पासून चालू होते. मात्र ते लोक त्याच्याकडे रंग म्हणून पाहत. चेहऱ्यावर आणि मृतांच्या अवशेषांवर तो लावत. सोळाव्या शतकाच्या मध्याला एन्रिके गार्सेस या पोर्तुगीज माणसाच्या नजरेला हा लाल रंग पडला आणि त्यात पारा आहे हे त्याने ओळखले. १५६३-६४ च्या सुमारास स्थानिक रहिवासी गोन्सालो न्याविनकोपा याने आमादोर दे काब्रेरा या स्पॅनिश जमीनदाराला सांता बार्बाराचा साठा दाखवला. कागदोपत्री मान मिळाला तो काब्रेराला. खाणींच्या इतिहासात हा क्रम वारंवार दिसतो आणि म्हणूनच न्याविनकोपाचे नाव आवर्जून घ्यायला हवे.

स्पेनला पारा हवा होता तो चांदीसाठी. आजच्या बोलिव्हियातील पोतोसीच्या डोंगरातले उंची खनिज संपत आले होते आणि उरलेल्या हलक्या खनिजातून भट्टीने चांदी काढणे परवडत नव्हते. त्यावर उपाय होता पारदमेलाचा. खनिजाची बारीक भुकटी करून ती पाणी, मीठ आणि पारा यांच्यासह मळली की चांदी पाऱ्यात मिसळून जाते. मग तो मेल तापवला की पारा वाफ होऊन निघून जातो आणि चांदी मागे राहते. ही रीत मेक्सिकोत १५५० च्या दशकात रुळली होती आणि १५७० च्या दशकाच्या आरंभी पोतोसीत पोचली. दर किलो चांदीमागे साधारण एक ते दोन किलो पारा वाया जात असल्याने खाणींची तहान कधी भागतच नसे. जगातल्या पाऱ्याच्या इतर मोठ्या खाणी म्हणजे स्पेनमधील आल्मादेन आणि आजच्या स्लोव्हेनियातील इद्रिया, आणि त्या दोन्ही महासागरापलीकडे होत्या. वांकावेलिका त्याच पर्वतरांगेत होते. व्हाइसरॉय फ्रान्सिस्को दे तोलेदो याने पाऱ्याचा व्यापार राजसत्तेच्या मक्तेदारीखाली आणला, त्यामुळे कोणाला किती पारा विकला यावरून कोणी किती चांदी काढली असेल याचा अंदाज अधिकाऱ्यांना बांधता येऊ लागला. पोतोसीच्या चांदीची नाणी पुढे लिस्बन, मनिला अशा वाटांनी गोवा आणि सुरतपर्यंत येत आणि मुघल टांकसाळींत वितळून त्यांचे रुपये होत. त्या रुपयांमागे या डोंगरातला पाराही होता.

पाऱ्याची वाहतूक हा भूगोलाचाच एक धडा होता. एका लिटर पाऱ्याचे वजन साडेतेरा किलो भरते आणि लामा साधारण पंचवीस-तीस किलो ओझे वाहतो, म्हणजे एका जनावरावर जेमतेम दोन लिटर. कातड्याच्या पिशव्यांत बांधलेला पारा डोंगर उतरून चिंचा बंदराला जाई, तिथून जहाजाने आरिकाला आणि पुन्हा जनावरांच्या पाठीवरून सुमारे चार हजार मीटरवरच्या पोतोसीला.

हिंगुळातून पारा वेगळा करण्यासाठी तो हवेत तापवावा लागतो. गंधक वायू होऊन निघून जाते आणि पाऱ्याची वाफ थंड करून गोळा करता येते. रसशास्त्रातही हिंगुळापासून ऊर्ध्वपातनाने पारा काढण्याची कृती आहे, आणि तत्त्व तेच. इथे लाकूड नसल्याने इंधन म्हणून डोंगरउतारावरचे इचु नावाचे चिवट गवत भट्ट्यांत घातले जाई. लोपे दे साआवेद्रा बार्बा याने १६३३ मध्ये एकात एक बसवलेल्या मातीच्या भांड्यांची लांब रांग जोडलेली भट्टी तयार केली. तिच्यामुळे जास्त वाफ पकडता येऊ लागली. ही युक्ती काही वर्षांनी आल्मादेनलाही गेली. वसाहतीत लागलेला शोध मायदेशाने उचलावा हे त्या काळी विरळच घडे.

तरीही वाफ सुटतच राहिली आणि ती कोणाच्या छातीत गेली हा प्रश्न टाळता येत नाही. श्वासावाटे आत गेलेल्या पाऱ्याच्या वाफेचा बहुतांश भाग फुप्फुसांतून थेट रक्तात जातो. हातपाय कापू लागतात, हिरड्या सुजतात, लाळ गळते आणि स्वभाव बिघडतो. खाणीच्या आत हिंगुळाची आणि वालुकाश्माची धूळ होती, बाहेर कडाक्याची थंडी होती. हे काम ‘मिता’ या सक्तीच्या वेठीने करून घेतले जाई. आसपासच्या प्रांतांतील गावांनी ठरलेल्या प्रमाणात पुरुष पाळीपाळीने पाठवायचे, असा तो नियम होता. इंका राज्यातली श्रमदानाची जुनी प्रथा स्पॅनिशांनी आपल्या सोयीने वाकवली. ती टाळण्यासाठी कुटुंबेच्या कुटुंबे गाव सोडून जात आणि मागे राहिलेल्यांवर ओझे वाढे. इतिवृत्तकार फेलिपे ग्वामान पोमा याने सतराव्या शतकाच्या आरंभी स्पेनच्या राजाला उद्देशून लिहिताना या खाणींतील हालांची दाद मागितली होती. १७५८ मध्ये उयोआ स्वतः इथला गव्हर्नर झाला. भ्रष्टाचाराला आवर घालण्याच्या खटपटीत त्याचे सर्वांशीच बिनसले आणि सहा वर्षांत तो निघून गेला. १७८६ च्या सप्टेंबरमध्ये खाणीचा मोठा भाग कोसळून शंभराहून अधिक मजूर गाडले गेले. छताला आधार म्हणून सोडलेले समृद्ध खनिजाचे खांबच लोभापायी पोखरले गेले होते.

मितावर कायद्याने बंदी आली ती १८१२ मध्ये. पाऱ्याला मात्र कोणताही कायदा लागू होत नाही, कारण तो मूलद्रव्य आहे आणि त्याचे विघटन होत नाही. शहरात आणि भोवताली जिथे भट्ट्या धुमसत, त्याच जमिनीतली माती पुढे कच्च्या विटांसाठी वापरली गेली. अलीकडे संशोधकांनी तपासलेल्या अनेक मातीच्या घरांत भिंतींमध्ये आणि जमिनीत पारा लक्षणीय प्रमाणात आढळला, शिवाय शिसे आणि आर्सेनिकही. ही घरे पाडली तर तीच धूळ उडते आणि राहणाऱ्यांना जाण्यासारखी दुसरी जागा नसते. म्हणून काही घरांत भिंतींना आतून गिलावा चढवून आणि मातीची जमीन झाकून विषारी माती आतच कोंडून ठेवण्याचा उपाय करण्यात आला आहे.