पाच कंगोरे आणि एक चिठ्ठी

शंभर वर्षं अल्कोहोलमध्ये राहिलेल्या विंचवाचा रंग पार उडालेला असतो. मूळचा पिवळा होता की तपकिरी, ते सांगता येत नाही. पण अंधारात अतिनील दिवा धरा, तोच विंचू हिरवट-निळा उजळतो आणि अंगावरचा कंगोरान्‌कंगोरा दिसू लागतो. बरणीत त्याच्यासोबत एक चिठ्ठी असते. तिच्यावर गाव, तारीख आणि जातीचं नाव. गाव-तारीख ही नोंद झाली, नाव मात्र कुणीतरी बांधलेला अंदाज असतो.

‘डेथस्टॉकर’ या जहाल पिवळ्या विंचवाबाबत हा अंदाज फार काळ चुकत राहिला. हेम्प्रिख आणि एहरेनबर्ग हे दोन जर्मन निसर्गअभ्यासक १८२० मध्ये इजिप्तच्या मोहिमेवर निघाले. हेम्प्रिख १८२५ मध्ये तांबड्या समुद्राकाठच्या मसावा बंदरात तापानं गेला. एकट्या परतलेल्या एहरेनबर्गनं १८२८ मध्ये या विंचवाला ‘क्विन्क्वेस्ट्रिएटस’ म्हणजे पाच रेषांचा असं नाव दिलं. पाठीच्या पहिल्या दोन खंडांवर खरोखरच पाच-पाच कंगोरे असतात. घोटाळा असा, की ही खूण एका जातीची नाही, ‘लेयुरस’ या अख्ख्या प्रजातीची, म्हणजे जवळच्या जातींच्या सगळ्या गटाची आहे! त्यामुळे इजिप्तपासून अरबस्तानापर्यंतच्या विंचवांना हेच एक नाव चिकटत गेलं.

२०१४ मध्ये लोव, यागमुर आणि कोवार्झिक या विंचू-अभ्यासकांनी या प्रजातीचा नव्यानं आढावा घेतला. पोटाखालच्या कंगव्यासारख्या अवयवांचे दात मोजायचे, चिमट्यांची लांबी-रुंदी ताडायची, संवेदी केसांच्या जागा टिपायच्या, असं हे डोळे शिणवणारं काम. त्यातून अरबस्तानातल्या चार नव्या जाती पुढे आल्या. रशियन प्राणिशास्त्रज्ञ बिरुलानं १९०८ मध्ये उपजात म्हणून नोंदवलेला इस्रायलकडचा ‘हेब्रेयस’ स्वतंत्र जात ठरला.

हा नुसता नावांचा खेळ नाही. इस्रायलमधल्या विंचवांच्या विषावरचं कितीतरी संशोधन क्विन्क्वेस्ट्रिएटसच्या नावावर छापलेलं आहे. विषातली द्रव्यं जातीनुसार बदलतात, मग तो निष्कर्ष नेमका कुणाचा, हे कळायलाच हवं. आपल्याकडे कोकणातल्या लाल विंचवाची प्रजातीही २००७ मध्ये बदलली. महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांच्या जुन्या शोधनिबंधांत तो ‘मेसोबुथस’ आहे, आज ‘हॉटेंटोटा’. विंचूदंशावर वाचणाऱ्या तरुण डॉक्टरला दोन्ही नावं ठाऊक नसतील, तर अर्धं ज्ञान हाती लागणारच नाही.

नाव दुरुस्त झालं, तरी संग्रहालयात जुनी चिठ्ठी फेकत नाहीत. नवी लिहून त्याच बरणीत, तिच्या शेजारी सोडतात.