कापडगिरणीतून हिरवळीवर

विम्बल्डनची हिरवळ टीव्हीवर पाहताना वाटतं, इंग्लंडात गवत असंच उगवत असेल. पण १८३० पूर्वी अशी हिरवळ ही बड्या जमीनदारांची चैन होती. गवत कापायला लांब दांड्याचा कोयता चालवणारे कसबी गडी लागत, तेही भल्या पहाटे, कारण दवानं ओलं असतानाच गवत नीट कापलं जाई. गडी परवडत नसतील तर मेंढ्या सोडायच्या. मेंढ्या गवत खात. मागे काय ठेवत, ते सांगायला नको.

ग्लॉस्टरशर परगण्यात स्ट्राउड गावाच्या आसपास लोकरी कापडाच्या गिरण्या होत्या. विणलेल्या कापडावरची लव सारखी करायला तिथे एक यंत्र असे. रुळावर पीळ दिल्यासारखी बसवलेली पाती गरगर फिरत आणि खालच्या स्थिर पात्याला घासून जात. म्हणजे न थांबणारी कात्रीच. एडविन बडिंग या तिथल्या कारागिराला वाटलं, लवेत आणि गवतात फरक तो काय? १८३० साली त्यानं गवत कापायच्या यंत्राचं पेटंट घेतलं. लोक हसतील म्हणून तो रात्री यंत्र चालवून बघे, अशी दंतकथा आहे. खरी असो वा नसो, आजही उत्तम मैदानांवर याच रचनेचं यंत्र फिरतं.

हिरवळ झाली, पण तिच्यावर नीट उसळेल असा चेंडू हवा; ते कोडं मात्र रसायनशास्त्रानं सोडवलं. कच्चं रबर उन्हात चिकट होतं, थंडीत कडक. त्याचे रेणू म्हणजे लांबच लांब दोरे, एकमेकांवरून घसरणारे. गंधक घालून तापवलं, की गंधकाचे अणू या दोऱ्यांना जागोजागी टाके घालतात. मग रबर ताणलं तरी मूळ आकाराला परत येतं. अमेरिकेत चार्ल्स गुडइयर आणि इंग्लंडात थॉमस हॅनकॉक यांनी १८४४ च्या सुमारास या प्रक्रियेची पेटंटं घेतली. त्याआधी रग्बीच्या चेंडूत डुकराचं मूत्राशय असे, आणि ते तोंडानं फुगवावं लागे. रग्बी गावातला चांभार रिचर्ड लिंडन याची बायको हेच काम करता करता फुप्फुसाच्या आजारानं गेली, असं सांगतात. पुढं लिंडननं रबरी ब्लॅडर आणि हवा भरायचा पंप आणला.

पण गिरणीकामगाराला खेळायला वेळ कुठला? १८५० च्या फॅक्टरी कायद्यानं कापडगिरण्यांतल्या बायका आणि कोवळ्या पोरांचं शनिवारचं काम दुपारी २ ला थांबवलं. त्यांच्याविना यंत्रं चालवायची कशी? पुरुषही सुटू लागले. फुटबॉलचे सामने शनिवारी दुपारी ३ ला सुरू व्हायची रूढी या सुट्टीच्या भोंग्याशी बांधलेली आहे.

टेनिसची गोष्ट वेगळी. तो सुखवस्तूंचा खेळ. जुनं टेनिस भिंतींच्या आत, टणक फरशीवर चाले, कारण चिंध्या-लोकर ठासून केलेला चेंडू गवतावर उसळतच नसे. पोकळ रबरी चेंडू उसळला आणि खेळ बाहेर आला. १८७४ मध्ये मेजर विंगफिल्ड यांनी लॉन टेनिसचं पेटंट घेतलं, १८७७ मध्ये विम्बल्डनची पहिली स्पर्धा झाली. खेळाडू होते २२.

उघडा रबरी चेंडू मात्र ओल्या गवतावर निसटे. मग त्यावर फ्लॅनेलचं कापड शिवलं गेलं. पुढं टेनिसच्या चेंडूंवरचं लोकरी कापड विणण्यात एका गावाच्या गिरण्यांनी नाव काढलं. गाव तेच, स्ट्राउड.