ग्रीक बहुदेवपूजेचा अस्त आणि ख्रिस्ती धर्माचा प्रसार

झ्यूस, अथीना, अपोलो, आर्टेमिस आदी देवतांची सार्वजनिक उपासना मागे पडून ग्रीक जग ख्रिस्ती झाले, ती इ.स. पहिल्या ते सहाव्या शतकांदरम्यानची दीर्घ प्रक्रिया. ग्रीक जग म्हणजे केवळ आजचा ग्रीस नव्हे. आशिया मायनर (आजच्या तुर्कस्तानचा आशियाई भाग), सिरिया आणि ईजिप्तमधील ग्रीकभाषक शहरेही त्यात येतात, आणि या घडामोडींतील बऱ्याचशा तिकडेच घडल्या.

या उपासनेला तिच्या अनुयायांनी वेगळे नाव दिलेले नव्हते. तिला सर्वमान्य धर्मग्रंथ नव्हता, मठ नव्हते. पुजारीपण कुठे घराण्याकडे चालत येई, तर कुठे एखाद्या नागरिकाकडे वर्षभरापुरते असे. केंद्रस्थानी होता पशुबळी. वेदी गाभाऱ्यात नसून देवळासमोर उघड्यावर असे. माळा घातलेला बैल किंवा मेंढा मिरवत आणायचा, त्याच्यावर पाणी शिंपडायचे, जव टाकायचे. बळी दिल्यावर मांडीची हाडे चरबीत गुंडाळून देवासाठी जाळायची आणि मांस शिजवून जमलेल्यांत वाटायचे. खर्च नगराच्या तिजोरीतून, देवस्थानाच्या जमिनींतून किंवा एखाद्या मानकरी धनिकाच्या खिशातून होई. म्हणून लोकांचा देवांवरचा विश्वास कधी उडाला हा प्रश्न तितकासा उपयोगाचा नाही. बैलाचे पैसे कोणी आणि कधी बंद केले, हे विचारले की बरेच काही उलगडते.

ख्रिस्ती धर्माचा आद्य प्रचारक पौल याच्या प्रवासांतून या दोन जगांची पहिली गाठभेट दिसते. आशिया मायनरमधील लुस्त्र गावात त्याने एका पांगळ्याला बरे केल्यावर लोकांनी त्याचा सोबती बर्णबा याला झ्यूस आणि पौलाला हर्मीस ठरवले, आणि झ्यूसचा पुजारी बैल व हार घेऊन हजर झाला. अथेन्समध्ये पौलाने ‘अज्ञात देवाला’ अशी अक्षरे असलेल्या वेदीचा धागा पकडून भाषण केले. ऐकणाऱ्यांपैकी काहींनी पुनरुत्थानाचे, म्हणजे मेलेल्यांतून उठण्याचे, नाव निघताच थट्टा केली. इफिसमध्ये मात्र प्रकरण पोटावर आले. आर्टेमिसची चांदीची छोटी देवळे घडवणाऱ्या कारागिरांनी धंदा बसेल या धास्तीने दंगल केली. करिंथच्या ख्रिस्त्यांचा पेच आणखी घरगुती होता: मूर्तीला वाहिलेले मांस बाजारात आले, तर ते खावे की नाही? इ.स. ११२ च्या सुमारास बिथिनियाचा रोमन सुभेदार धाकटा प्लिनी सम्राट ट्रेजनला कळवतो, की ओस पडत चाललेल्या देवळांत आता पुन्हा वर्दळ सुरू झाली आहे आणि बळीच्या मांसाला पुन्हा गिऱ्हाईक मिळू लागले आहे. अधिकाऱ्याची स्वतःची पाठ थोपटून घेण्याची लकब त्यात आहेच. पण मांसाच्या खपावरून धर्माची नाडी पाहावी, हे त्याला बरोबर उमगले होते.

इसिस किंवा मिथ्र या बाहेरून आलेल्या देवतांच्या पंथांत जाणाऱ्याला जुने देव सोडावे लागत नसत. ख्रिस्ती होणाऱ्याला ते सोडावे लागत, आणि त्यामुळे प्रत्येक नवा ख्रिस्ती म्हणजे जुन्या पंगतीतले एक पान कमी. बदल्यात त्याला मिळे बिशपच्या, म्हणजे नगरातील मुख्य ख्रिस्ती धर्मगुरूच्या, देखरेखीखालचा एक घट्ट समाज. विधवांना आधार, आजाऱ्यांची शुश्रूषा, गरिबांचे दफन ही कामे त्यात नेमाने होत. तिसऱ्या शतकात युद्धे आणि महागाई यांनी साम्राज्य जेरीस आले, नगरांचे दाते आटले आणि उत्सवांचा डौल उतरला. सम्राट डेसियसने २५० मध्ये सर्वांना देवांपुढे बळी देण्याचे फर्मान काढले. तसे केल्याचे दाखले लिहिलेले पपायरस ईजिप्तच्या वाळूत सापडले आहेत. डायोक्लिशनने ३०३ मध्ये सुरू केलेला छळ सर्वांत कठोर होता, पण ३११ मध्ये त्याच्यानंतरचा सम्राट गॅलेरियस याला माघार घ्यावी लागली.

३१२ मध्ये मिल्व्हियन पुलाजवळची लढाई जिंकलेल्या कॉन्स्टंटाइनने ख्रिस्त्यांना राजाश्रय दिला आणि पारडे फिरले. त्याने देवळे सरसकट पाडली नाहीत. त्यांचा ऐवज मात्र काढून नेला. इराण्यांवरील प्लॅटीयाच्या विजयाप्रीत्यर्थ ग्रीकांनी डेल्फीच्या अपोलोला अर्पण केलेला, तीन सर्पांच्या वेटोळ्यांचा ब्राँझचा स्तंभ त्याच्या नव्या राजधानीत, कॉन्स्टँटिनोपलमध्ये (आजचे इस्तंबूल), गेला. शिरे गमावलेला तो स्तंभ आजही इस्तंबूलच्या जुन्या शर्यतीच्या मैदानात उभा आहे. कॉन्स्टंटाइनचा मुलगा दुसरा कॉन्स्टँशियस याने बळी देण्यावर बंदी घातली, पण ती सर्वत्र सारखी पाळली गेली नाही.

जुन्या देवांना पुन्हा उभे करण्याचा राजकीय पातळीवरचा शेवटचा मोठा प्रयत्न सम्राट जुलियनचा (३६१–३६३). त्याचा एक अनुभव त्याने स्वतःच चिडून लिहून ठेवला आहे. ३६२ मध्ये अँटिऑकजवळच्या डॅफ्नी येथे अपोलोच्या वार्षिक उत्सवाला तो गेला. मिरवणूक, धूप, शुभ्र वस्त्रांतली मुले, बळीचे पशू असे सारे चित्र त्याच्या डोळ्यांसमोर होते. देवळात पाहतो तर काहीच नाही. शहराने आज देवाला काय आणले, असे विचारल्यावर पुजारी म्हणाला, ‘मी घरून एक हंस आणला आहे; शहराने काही केलेले नाही.’ जुलियनला रोगाचे निदानही झाले होते. हे ‘गॅलिलीवाले’ (म्हणजे ख्रिस्ती) आपल्या गरिबांबरोबर आमचेही गरीब पोसतात, असे त्याने एका मुख्य पुजाऱ्याला लिहिले आणि देवळांतर्फे धर्मशाळा व अन्नदान सुरू करायला सांगितले. दीड-पावणेदोन वर्षांच्या कारकिर्दीत हे रुजणे अशक्य होते.

सम्राट थिओडोशियसने ३८० मध्ये नायसीयाच्या धर्मसभेने ठरवलेल्या ख्रिस्ती श्रद्धेला राजमान्यता दिली आणि ३९१-३९२ च्या कायद्यांनी बळी, देवळात जाणे, इतकेच नव्हे तर घरातल्या देवांपुढे दिवा, धूप व माळ आणि झाडांना फिती बांधणे हेही गुन्हे ठरवले. कायद्याच्या पुढे जमाव धावत होते. काळ्या कपड्यांतले मठवासी खेड्यांतील देवळांवर तुटून पडतात, अशी तक्रार अँटिऑकचा वक्ता लिबेनियस याने सम्राटाला उद्देशून आधीच लिहिली होती. देऊळ हा शेताचा प्राण आहे, ते गेले की शेतकऱ्याचा धीरही जातो, हा त्याचा मुद्दा. याच सुमारास ईजिप्तमधील अलेक्झांड्रियात सेरापिस या देवाचे भव्य मंदिर उद्ध्वस्त झाले. ४१५ मध्ये त्याच शहरात ख्रिस्ती जमावाने विदुषी हायपेशियाची हत्या केली. त्यामागे धर्माइतकेच शहरातील सत्तेचे राजकारण होते. ऑलिंपिक खेळ ३९३ मध्ये थांबले असे सर्रास सांगितले जाते. ते पाचव्या शतकातही काही काळ रेंगाळले, असे काही अभ्यासकांचे मत आहे. ऑलिंपियात ज्या कर्मशाळेत शिल्पकार फिडियसने झ्यूसची प्रचंड मूर्ती घडवली, तिचे पुढे चर्च झाले.

अथेन्समध्ये तत्त्वज्ञांनी बराच काळ तग धरला. पार्थेनॉन या अथीनेच्या देवळातून तिची मूर्ती हलवली गेली, तेव्हा तत्त्वज्ञ प्रॉक्लसच्या स्वप्नात एक सुंदर स्त्री आली आणि ‘अथेन्सची स्वामिनी तुझ्याकडे राहायला येते आहे, घर आवर,’ असे म्हणाली, अशी कथा त्याच्या शिष्याने नोंदवली आहे. पुढे पार्थेनॉन मरियेचे चर्च झाले. सम्राट जस्टिनियनने ५२९ मध्ये अख्रिस्ती शिक्षकांना शिकवण्याची मनाई केल्यावर तत्त्वज्ञ डमॅशियस आणि त्याचे सहकारी इराणात राजा खुस्रोच्या दरबारी गेले, तिथेही रमले नाहीत, आणि ५३२ च्या रोम-इराण तहातील संरक्षणाच्या कलमामुळे परतू शकले.

सगळेच पुसले गेले नाही. आरोग्याचा देव ॲस्क्लेपियस याच्या आवारात रात्र काढून स्वप्नात उपचार मिळवण्याची रीत कॉस्मस आणि डेमियन या संतांच्या चर्चमध्ये चालू राहिली. होमर शाळेतून गेला नाही, कारण बेसिलसारख्या बिशपांनी मधमाशीसारखे निवडून घ्या, असे सांगून तो राखला.

शब्दाचे मात्र नशीब फिरले. मराठी बायबलात ज्याला ‘हेल्लेणी’ म्हटले आहे, त्या शब्दाचा अर्थ ‘ग्रीक’ न राहता ‘मूर्तिपूजक’ झाला, आणि ख्रिस्ती ग्रीक स्वतःला रोमन म्हणवू लागले. दहाव्या शतकात सम्राट सातवा कॉन्स्टंटाइन लिहितो, की दक्षिण ग्रीसमधील पेलोपनीजच्या टोकाला मानी भागात राहणाऱ्यांना शेजारी अजून ‘हेल्लेणी’ म्हणतात, कारण पूर्वी ते मूर्तिपूजक होते. त्याच्या म्हणण्यानुसार त्यांचा बाप्तिस्मा सम्राट पहिल्या बेसिलच्या काळात, म्हणजे नवव्या शतकाच्या उत्तरार्धात झाला. त्यांच्या डोंगराळ गावांत पाणी नाही, पण ऑलिव्ह पिकते, अशी माहिती तो पुढे जोडतो.