एडमंड क्राउचबॅक आणि लँकेस्टरची जहागीर

एडमंड क्राउचबॅक : (16 जानेवारी 1245–5 जून 1296). इंग्लंडचा राजा तिसरा हेन्री आणि राणी एलिनॉर ऑफ प्रोव्हान्स यांचा धाकटा मुलगा, पहिल्या एडवर्डचा पाठचा भाऊ आणि लँकेस्टर घराण्याचा मूळपुरुष. त्याला स्वतःला मुकुट कधी मिळाला नाही आणि रणांगणावरही त्याने विशेष नाव कमावले नाही. तरीही वयाच्या पंचविशीच्या आत त्याच्या पदरात पडलेल्या जमिनींनी पुढची दीडशे वर्षे इंग्लंडच्या राजकारणाला वळण लावले. राजाच्या थोरल्या पातीला आधार म्हणून उभी केलेली ही धाकटी पाती अखेर गादीवरच येऊन बसली. म्हणून एडमंडच्या चरित्रापेक्षा त्याच्या जहागिरीचे चरित्र अधिक महत्त्वाचे ठरते.

थोरल्या मुलाला राज्य मिळायचे. धाकट्याची सोय लावणे हे बापाचे काम असे. हेन्रीचा भाऊ रिचर्ड याला कॉर्नवॉल मिळाले होते. 1254 मध्ये युवराज एडवर्डला गॅस्कनी (नैऋत्य फ्रान्समधला इंग्रज राजाचा प्रांत), आयर्लंड, चेस्टर असा मोठा प्रदेश तोडून दिल्यावर एडमंडसाठी घरात फारसे उरले नाही आणि हेन्रीची नजर थेट सिसिलीकडे गेली. सिसिली तेव्हा पोपच्या वैऱ्यांच्या, होहेनश्टाउफेन घराण्याच्या, ताब्यात होती. पोपने ते राज्य एडमंडला देऊ केले, पण त्यासाठी 1,35,541 मार्क, म्हणजे सुमारे 90,000 पौंड मागितले आणि शिवाय फौज. 1257 मध्ये बारा वर्षांच्या या मुलाला दक्षिण इटलीच्या पेहरावात सजवून हेन्रीने सभेपुढे उभे केले. उमरावांना त्याचे कौतुक वाटले नाही, धास्ती वाटली. 1258 च्या ऑक्सफर्ड ठरावांतून राजाचे हात बांधले गेले, त्यामागच्या कारणांत हे सिसिली प्रकरण फार वरचे आहे. सिसिली तर हातची गेलीच. पण तिच्यापायी भडकलेल्या यादवीने एडमंडला इंग्लंडातली जमीन मिळवून दिली.

जप्तीतून उभी राहिलेली जहागीर

4 ऑगस्ट 1265 रोजी ईव्हशॅमच्या लढाईत बंडखोरांचा नेता सायमन द माँटफर्ट मारला गेला. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात त्याची लेस्टरची जहागीर एडमंडला मिळाली. सायमनचा केनिलवर्थचा पाण्याने वेढलेला किल्ला सहा महिने झुंजत राहिला. डिसेंबर 1266 मध्ये तो पडला आणि एडमंडकडे आला. 30 जून 1267 रोजी राजाने लँकेस्टर हे शहर, किल्ला, काउंटी (जिल्हा) आणि ‘ऑनर’ त्याच्या नावे केले. ऑनर म्हणजे एका धन्याखाली मोडणाऱ्या, पण अनेक काउंट्यांत विखुरलेल्या जमिनी, त्यांची कुळे आणि त्यांची न्यायकचेरी यांचा समूह. यॉर्कशरमधले पिकरिंग आणि वेल्सच्या सीमेवरचे मॉनमथ व ग्रोसमाँट हेही त्याच सुमारास आले. नकाशावर पाहिले तर ही जहागीर सलग कुठेच नव्हती. ठिगळे लावलेल्या गोधडीप्रमाणे ती उत्तर इंग्लंडपासून वेल्सच्या सीमेपर्यंत पसरली होती.

सर्वांत मोठे आणि सर्वांत डागाळलेले ठिगळ डर्बीचे. डर्बीचा अर्ल (वरच्या दर्जाचा उमराव) रॉबर्ट द फेरर्स 1266 मध्ये चेस्टरफील्ड येथे पकडला गेला आणि टटबरीच्या किल्ल्यासह त्याची मालमत्ता एडमंडकडे आली. बंडखोरांनी ठरावीक दंड भरून जमिनी सोडवून घ्याव्यात, असे केनिलवर्थच्या निवाड्याने ठरले होते. फेरर्ससाठी हा दंड वार्षिक उत्पन्नाच्या सातपट होता. जड खरा, पण अशक्य नव्हे. हा मार्ग मोकळा राहिला असता तर टटबरी एडमंडच्या हातून निसटली असती. 1 मे 1269 रोजी कैदेतल्या फेरर्सला सिपनम येथे नेऊन त्याच्याकडून करार लिहून घेण्यात आला. त्यात 9 जुलैपर्यंत 50,000 पौंड भरायचे, नाही तर जमिनी जामीनदारांच्या हाती जायच्या, असे ठरले. सिसिलीसाठी पोपने अख्ख्या राज्याची जी किंमत मागितली होती, तिच्या निम्म्याहून अधिक रक्कम एका कैद्याने दहा आठवड्यांत आणायची होती. रक्कम आली नाही. जामीनदारांनी जमिनी एडमंडच्या स्वाधीन केल्या. फेरर्सने सुटका झाल्यावर 1274 मध्ये दावा लावला, पण लेख तुझ्याच मोहोरेचा आहे म्हणून तो फेटाळला गेला. 1275 मध्ये चार्टलीची जागा तेवढी त्याने परत मिळवली. कायद्याचे कागद चोख होते आणि अन्यायही तितकाच उघड होता. लँकेस्टर घराण्याच्या वैभवाचा विचार करताना हे प्रकरण बाजूला ठेवता येत नाही.

लग्ने, सव्हॉय आणि अखेर

एप्रिल 1269 मध्ये एडमंडचे लग्न अ‍ॅव्हलिन द फोर्सशी झाले. ती ओमाल, डेव्हन आणि आइल ऑफ वाइट या वारशांची भावी मालकीण होती. पण 1274 मध्ये, पंधराव्या वर्षी, ती वारली आणि डेव्हनचा वारसा हाती येण्याआधीच तो दरवाजा बंद झाला. त्यानंतर त्याने फ्रान्स-स्पेन सीमेवरच्या नवार राज्याच्या राजाची विधवा ब्लांश ऑफ आर्त्वा हिच्याशी लग्न केले. तिच्या लहान मुलीच्या वतीने 1284 पर्यंत त्याने फ्रान्समधल्या शाँपेनचा कारभार पाहिला. त्याच वर्षी आई एलिनॉरने आपण विकत घेतलेली थेम्सकाठची सव्हॉयची हवेली त्याला दिली. ब्लांश आणि त्याने लंडनच्या आल्डगेटबाहेर क्लेअर पंथाच्या जोगिणींचा मठ स्थापला. तिथल्या रस्त्याचे ‘मायनॉरीज’ हे नाव त्या मठावरूनच पडले आहे.

फ्रान्सशी असलेल्या या नात्यामुळेच 1294 मध्ये वाटाघाटींचे काम त्याच्याकडे आले. फ्रान्सचा राजा फिलिप चौथा याला गॅस्कनी चाळीस दिवसांपुरती नावाला ताब्यात द्यायची आणि मग ती परत मिळायची, असा गुप्त समझोता झाला. एडमंडने विश्वास ठेवला. फिलिपने शब्द मोडला. 1296 मध्ये ती परत जिंकायला निघालेला एडमंड बोर्दो घेऊ शकला नाही आणि बायोन येथे वारला. वेस्टमिन्स्टर अ‍ॅबीत मुख्य वेदीच्या बाजूला अ‍ॅव्हलिनपासून जवळच त्याची भव्य समाधी आहे.

वारस

थोरला मुलगा टॉमस याने अ‍ॅलिस द लेसीशी लग्न करून लिंकन आणि सॉल्झबरीची भर घातली. पाच अर्लपदे आणि वर्षाला सुमारे 11,000 पौंड उत्पन्न असलेला हा माणूस राजाच्या खालोखाल देशातला सर्वांत श्रीमंत जहागीरदार होता. त्याने ती ताकद चुलतभाऊ दुसऱ्या एडवर्डविरुद्ध वापरली. बरोब्रिजला पराभव झाल्यावर 22 मार्च 1322 रोजी पाँटफ्रॅक्टला त्याच्याच किल्ल्याबाहेर त्याचा शिरच्छेद झाला. चारच वर्षांनी त्याचा धाकटा भाऊ हेन्री याने पकडलेल्या एडवर्डला केनिलवर्थला कैदेत ठेवले. हेन्रीचा मुलगा हेन्री ऑफ ग्रोसमाँट 1351 मध्ये लँकेस्टरचा ड्यूक झाला आणि लँकाशरमध्ये स्वतःच्या नावाने न्याय चालवण्याचा हक्कही त्याला मिळाला.

त्याला मुलगा नव्हता. धाकटी मुलगी ब्लांश ही तिसऱ्या एडवर्डचा मुलगा जॉन ऑफ गाँट याची बायको. थोरली मॉड 1362 मध्ये निपुत्रिक वारल्यावर सगळी दौलत पुन्हा एका राजपुत्राकडे, तीही धाकट्याकडेच, आली. सव्हॉयचा राजवाडा 1381 च्या शेतकरी बंडात जाळला गेला तो गाँटवरच्या रागापोटी. 1399 मध्ये गाँट वारला तेव्हा दुसऱ्या रिचर्डने त्याच्या हद्दपार मुलाचा वारसा अडकवला. एका जहागीरदाराचा वारसा राजा गिळू शकतो, तर आपलाही गिळेल, हे बाकीच्या सरदारांना कळायला वेळ लागला नाही. जुलैत तो मुलगा बापाच्या जमिनी मागायला परतला आणि सप्टेंबर संपता संपता चौथा हेन्री म्हणून राजा झाला.

हेन्रीच्या गादीवरच्या दाव्याच्या समर्थनासाठी एक जुनी दंतकथा पुढे आणली गेली. तिच्यानुसार एडमंडच थोरला होता, पण पाठीला कुबड असल्याने त्याला डावलले गेले. बखरी तपासल्यावर एडवर्डच थोरला ठरला. क्राउचबॅक हे नाव बहुधा 1271 च्या धर्मयुद्धात त्याने अंगावर वागवलेल्या क्रुसावरून पडले असावे.

नव्या राजाने ऑक्टोबर 1399 मध्ये सनद काढून लँकेस्टरची मालमत्ता राजदौलतीत मिसळू दिली नाही. गादी गेली तरी घरची जमीन राहावी, हा त्यामागचा हेतू उघड दिसतो. 1461 मध्ये प्रतिस्पर्धी यॉर्क घराण्यातल्या चौथ्या एडवर्डने गादी मिळवून ती जप्त केली, पण वेगळेपण तसेच ठेवले. आजही डची ऑफ लँकेस्टर (लँकेस्टरच्या ड्यूकची जहागीर) ही सुमारे 18,000 हेक्टरांची स्वतंत्र इस्टेट असून तिचे निव्वळ उत्पन्न ब्रिटनच्या राजाला खाजगी खर्चासाठी मिळते. तिच्या चान्सलरचे पद ब्रिटिश मंत्रिमंडळात असते, सव्हॉयचे चॅपल तिच्याच मालकीचे आहे आणि लँकेस्टरच्या जुन्या काउंटीत कोणी वारस आणि मृत्युपत्र दोन्ही नसताना वारले, तर त्याची मालमत्ता सरकारी तिजोरीऐवजी या डचीकडे जाते.