लाखेत गोठलेले आवाज

लाखेच्या बांगड्या आपल्याला माहीत आहेत, महाभारतातलं लाक्षागृहही. पण पहिल्या महायुद्धात जर्मनांच्या हाती सापडलेल्या हिंदी शिपायांचे आवाजही लाखेनेच जपून ठेवलेत, हे फारसं कुणाला ठाऊक नसतं.

बर्लिनच्या दक्षिणेला वुन्सडॉर्फ नावाचं गाव आहे. १९१५ साली तिथे एक युद्धकैद्यांची छावणी उभी राहिली. तिचं नाव चंद्रकोर छावणी. इंग्रज आणि फ्रेंच फौजांमधले मुसलमान शिपाई, आणि त्यांच्यासोबत शीख, हिंदू, गुरखे शिपाई इथे आणले गेले. त्यांना चुचकारून इंग्रजांविरुद्ध उठवायचं, हा जर्मनांचा बेत होता. त्यासाठी त्यांनी छावणीत लाकडी मशीदही बांधून दिली. बेत फारसा साधला नाही.

जर्मन विद्वानांना मात्र इथे घबाड गवसलं. इतक्या भाषा एकाच कुंपणाआड! त्यांचे नमुने ध्वनिमुद्रित करण्यासाठी मानसशास्त्रज्ञ कार्ल श्टुम्प्फ यांच्या अध्यक्षतेखाली एक आयोग नेमला गेला. आयोगातले भाषाशिक्षक विल्हेल्म डोगेन यांनी ठिकठिकाणच्या छावण्यांत यंत्र नेऊन १९१८ पर्यंत सुमारे १,६५० तबकड्या भरल्या.

तेव्हा ध्वनिमुद्रणासाठी मायक्रोफोन वापरात नव्हता. कैद्याने कर्ण्यात तोंड जवळजवळ खुपसून बोलायचं. आवाजाच्या दाबाने कर्ण्याच्या टोकाचा पातळ पडदा थरथरायचा, त्याला जोडलेली सुई थरथरायची आणि फिरत्या मेणावर नागमोडी खाच पडायची. वीज नाही, आवाज वाढवण्याची सोय नाही. माणसाच्या श्वासात जेवढा जोर, तेवढ्यावरच सगळं कोरायचं. मेणावर धातूचा थर चढवून साचा करायचा आणि लाखेच्या मिश्रणावर तो दाबून तबकडी काढायची. लाख म्हणजे झाडांच्या फांद्यांवर किड्यांनी सोडलेली राळ, आणि जगाला ती मुख्यतः हिंदुस्थानच पुरवत असे.

चूक खोडता येत नसल्यामुळे मजकूर आधी लिहून घ्यायचे, त्याची तालीमही करायचे. एवढं करूनही कर्णा सगळंच पकडत नसे. माणसाचा कान साधारण २० ते २०,००० हर्ट्झपर्यंत, म्हणजे सेकंदाला तितकी कंपनं असलेला आवाज ऐकतो. या यंत्राची धाव दोन-तीन हजारांच्या आसपास संपायची. स्वर बरेचसे टिकतात. पण ‘स’चा सळसळाट चार हजारांच्याही वर असतो, त्यामुळे त्याची धार जाते. उच्चार टिपण्यासाठी केलेल्या खटाटोपात नेमकं हे निसटावं!

मला त्याहून मोठी वाटते ती दुसरीच उणीव. विद्वानांना उच्चार हवा होता, बोलणाऱ्याचं म्हणणं नको होतं. कैद्यांची डोकी, नाकं मोजणारे मानववंशशास्त्रज्ञही छावण्यांमधून फिरत होतेच. युद्धकैद्याची संमती घेतली असं म्हणायलाही अर्थ नाही. नकार द्यायची मोकळीक असेल तरच होकाराला किंमत.

वुन्सडॉर्फजवळच्या झेरेन्सडॉर्फच्या दफनभूमीत २०६ हिंदी नावं आहेत. कित्येकांचा बळी क्षयाने घेतला.

तबकड्या आज बर्लिनच्या हुम्बोल्ट विद्यापीठाच्या ध्वनिसंग्रहात आहेत. त्यांतली एक ११ डिसेंबर १९१६ ची, मल्ल सिंग या पंजाबी शिपायाची. जेमतेम सव्वा मिनिटाची. तो ‘मी’ म्हणत नाही. एक माणूस होता, असं गोष्टीसारखं सांगतो: तो हिंदुस्थानात लोणी खायचा, मग लढाईवर आला, जर्मनांनी त्याला धरलं, आणि आता त्याला घरी जायचंय.